‘बस’च्या पुढचे धडे

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

कुत्रा ‘बस’ म्हटल्यावर बसायला लागला की घरातल्या मंडळींना आभाळ ठेंगणं होतं. येणाऱ्या प्रत्येक पाहुण्यापुढे तो प्रयोग होतो. बिस्किटाचा तुकडा वर धरला जातो, कुत्रा बूड टेकतो, सगळे खूश. आता त्याच कुत्र्याला खाली गल्लीत न्या. हातात काही ठेवू नका. समोरून मांजर जाऊ द्या आणि म्हणा ‘बस’. बहुतेक वेळा कुत्रा मांजरामागे आणि आपण कुत्र्यामागे, अशी वरात निघते.

आज मला बोलायचं आहे ते या दोन ‘बस’मधल्या अंतराबद्दल. ॲडव्हान्स्ड ओबीडियन्स, म्हणजे आज्ञापालनाचे पुढचे धडे, म्हटलं की लोकांच्या डोळ्यांसमोर सर्कस येते. स्पर्धांमध्ये उडी असते, वस्तू आणून देणंही असतं, नाही असं नाही. पण या अभ्यासक्रमाचा गाभा साधा आहे. मालक नजरेआड गेला तरी जागा न सोडणं, धावत येत असताना शब्द कानावर पडताच वाटेतच आडवं होणं, परक्या माणसाने अंगाला हात लावला तरी स्वस्थ उभं राहणं, पट्टा सैल असताना पायाशी चालणं. शब्द तेच चार-पाच. ते कुठेही, केव्हाही आणि दुरूनही लागू पडले पाहिजेत, एवढाच काय तो फरक. आणि तेवढा फरक पार करायला सहा-आठ महिने सहज जातात.

मुंबईकरांनी या शिक्षणाचं मोल एकदा फार जवळून पाहिलं आहे. १९९३च्या बॉम्बस्फोटांच्या काळात मुंबई पोलिसांच्या पथकातल्या झंजीर नावाच्या लॅब्रॅडॉरने तीन हजार किलोहून अधिक आरडीएक्स हुडकून काढलं. २०००च्या नोव्हेंबरमध्ये तो गेला, तेव्हा पोलिसांनी त्याला इतमामाने निरोप दिला. आपण कौतुक करतो ते त्याच्या नाकाचं. पण नाक प्रत्येक कुत्र्याला असतं. स्फोटकं शोधणाऱ्या कुत्र्याने वास लागल्यावर शांतपणे खाली बसणं अपेक्षित असतं. उकरायचं नाही, तोंड लावायचं नाही. सोबतच्या पोलिसाचा जीव त्या बसण्यावर असतो.

आपल्या घरच्या कुत्र्याकडून कुणी एवढी अपेक्षा ठेवत नाही, हे खरं. तरीही आम्ही राहतो त्या जोगेश्वरी पूर्वेसारख्या ठिकाणी मोठा कुत्रा पाळायचा, तर जोखीम लहान नसते. एका अंगाला पश्चिम द्रुतगती महामार्ग, दुसऱ्या अंगाला विक्रोळीकडे जाणारा लिंक रोड, त्यापलीकडे आरेची झाडी. त्या झाडीत राष्ट्रीय उद्यानातल्या बिबट्यांचा वावर आहे आणि त्यांच्या आहारात कुत्र्यांचा वाटा मोठा आहे, हे अभ्यासकांनी नोंदवलेलं आहे. अंधार पडल्यावर त्या बाजूला हातातून सुटलेला कुत्रा हाकेसरशी परतला नाही, तर पुढे काय होईल हे सांगता येत नाही. आणि मधल्या वस्तीत अरुंद गल्ल्या, रिक्षा, शाळेची मुलं, जिथे तिथे हद्दी वाटून घेतलेली भटकी कुत्री आणि चार माणसांच्या लिफ्ट.

अशाच एका इमारतीत तिसऱ्या मजल्यावर ढब्बू राहतो. मी गेली बरीच वर्षं कुत्र्यांना शिकवायचं काम करतो, त्यातला हा माझा अलीकडचा विद्यार्थी. आई गल्लीतली गावठी कुत्री. बाप ग्रेट डेनचा क्रॉस होता, असा सांगोवांगीचा पुरावा. दोन वर्षांचा झाला तेव्हा वजन अडतीस किलो. कुणाला तो चावलेला नव्हता. पण दारात आलेल्या माणसाच्या खांद्यावर पुढचे दोन्ही पाय ठेवून स्वागत करायची सवय. भावना प्रेमाचीच, पण अडतीस किलोचं प्रेम अंगावर आलं की कुरिअरवाला पोरगा भिंतीवर आदळतो. दुसऱ्या मजल्यावरच्या एका आजींनी सकाळचं खाली उतरणं बंद केलं. सोसायटीच्या कमिटीकडे लेखी तक्रार गेली आणि कमिटीनं घरच्यांना तोंडी बजावलं, सहा महिने बघू, नाहीतर कुत्र्याची दुसरीकडे सोय करा.

कायद्याने तसं करता येत नाही. पाळीव कुत्र्यावर सोसायटीला सरसकट बंदी घालता येणार नाही, लिफ्ट नाकारता येणार नाही, असं भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाने २०१५मध्येच मार्गदर्शक सूचनांत म्हटलं आहे. दुसरीकडे, आपल्या जनावरामुळे माणसाला धोका होऊ नये याची काळजी न घेणं, हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २९१नुसार गुन्हा आहे. सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड. शिवाय महापालिकेचा परवाना आणि रेबीजची लस हवीच. मार्च २०२४मध्ये केंद्राच्या पशुसंवर्धन विभागाने तेवीस जाती आणि त्यांचे संकर पाळण्यावर बंदी आणा, असं राज्यांना कळवलं होतं. ते पत्रक कर्नाटक उच्च न्यायालयाने पुढच्याच महिन्यात रद्द केलं. तरी त्या दिवसांत मोठ्या मिश्र कुत्र्यांच्या मालकांना जिन्यात काय काय ऐकावं लागलं, ते मला ठाऊक आहे. कायदा कुत्र्याला घरात ठेवून देईल. दुसऱ्या मजल्यावरच्या आजींना खाली उतरवणं त्याच्या हातात नाही. ते काम शिकवण्याचं.

पहिला प्रश्न प्रत्येक जण विचारतो तो असा की, गावठी मिक्स आहे, शिकेल का? लॅब असता तर गोष्ट वेगळी होती. या समजुतीला फारसा आधार नाही. २०२२मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात अठरा हजारांहून अधिक कुत्र्यांच्या पाहणीवर आधारलेला एक अभ्यास आला. त्यात शुद्ध जातीचे होते तसे मिश्रही होते. कुत्र्या-कुत्र्यांच्या स्वभावात जो फरक दिसतो, त्यातला जेमतेम नऊ टक्के भाग जातीवरून सांगता येतो, असं त्यात आढळलं. आपल्याकडचंच उदाहरण द्यायचं, तर कोलकात्याजवळच्या आयसर संस्थेत अनिंदिता भद्रा यांच्या गटाने रस्त्यावरच्या कुत्र्यांचा अभ्यास केला. कधीही कुणी न शिकवलेली ही कुत्री अनोळखी माणसाने बोट दाखवलेल्या भांड्याकडे बरोबर जातात, हे त्यांनी २०२०मध्ये दाखवून दिलं. म्हणजे माणसाचा हात वाचायची विद्या ढब्बूला आईकडून आयतीच मिळालेली. मिश्र कुत्र्याच्या बाबतीत अडचण वेगळी असते. त्याला कशात गोडी आहे, हे पुस्तकात सापडत नाही. ते त्याच्याकडे पाहूनच शोधावं लागतं. ढब्बूला उकडलेल्या कोंबडीपेक्षाही दोरीची ओढाओढ प्रिय आहे, हे कळायला आम्हाला दहा दिवस लागले. ते कळल्यावर पुढचे तीन महिने वाचले.

आता शब्दांकडे येऊ. ‘बस’ हा शब्द मराठी घरात दिवसभर वापरात असतो. वाढताना ‘बस, बस’, भांडताना ‘आता बस झालं’, आणि खाली रस्त्यावर ‘बस आली का?’ कुत्रा हे सगळं ऐकत असतो. शंभर वेळा ‘बस’ ऐकून काहीच घडत नाही, मग एकशे एकाव्या वेळी त्याने का बसावं? ‘थांब’ची तीच गत, तो शब्द रिक्षावाल्याला, मुलांना आणि दुधाला, सगळ्यांना लावून झालेला असतो. त्यात एकाच घरात आजोबा ‘बैठ’ म्हणतात, आई ‘बस’ आणि मुलगी ‘सिट’. कुत्र्याला भाषेचा अभिमान नसतो. त्याला हवा असतो एकच, वेगळा ऐकू येणारा, घरात एरवी कुणी न उच्चारणारा शब्द. म्हणून पुढच्या धड्यांसाठी मी नवे शब्द घेतो. जागा सोडायची नाही, यासाठी ‘ठिय्या’. असशील तिथे आडवा हो, यासाठी ‘सपाट’. सुटी झाली, हे सांगायला ‘मोकळा’. ढब्बूच्या घरी ‘ठिय्या’वर बराच हशा झाला. आजोबा म्हणाले, “आता मागण्यांचं निवेदनही शिकवा त्याला.” पण शब्द टिकला.

नवा शब्द शिकवताना एक क्रम पाळावा लागतो आणि तो पुष्कळदा उलटा होताना दिसतो. कुत्र्याला हाताची खूण आधी कळते, शब्द नंतर. तुम्ही शब्द आणि खूण एकदम दिलीत, तर तो खूण पाहतो आणि शब्द वाऱ्यावर सोडतो. म्हणून आधी शब्द, मग अर्धा-एक सेकंद गप्प, मग खूण. वीस-तीस वेळा असं झालं की शब्दानंतर लगेच खूण येते हे त्याला कळतं आणि तो खुणेची वाट न बघताच आडवा होतो. त्या क्षणी त्याला ‘हेच हवं होतं’ असं सांगणं फार महत्त्वाचं. ‘शाब्बास रे माझ्या राजा’ म्हणेपर्यंत तो उठून उभा राहिलेला असतो आणि शाबासकी उठण्याला मिळते. बाजारात यासाठी टिकटिक वाजणारी छोटी डबी मिळते, तिला क्लिकर म्हणतात. मी जिभेने टाळूवर ‘टक्’ असा आवाज काढतो; पैसे पडत नाहीत आणि डबी घरी विसरत नाही. ‘टक्’ झालं की खाऊ किंवा खेळ येणारच, हा करार मोडायचा नाही. खाऊ म्हणून ग्लुकोज बिस्किट देऊ नका. त्याचा भुगा जमिनीवर सांडतो आणि विद्यार्थी पुढचा अर्धा मिनिट लादी चाटत बसतो.

‘ठिय्या’ वाढवायचा तो तीन बाजूंनी: किती वेळ, किती अंतरावरून आणि आजूबाजूला किती गडबड असताना. एकावेळी एकच बाजू वाढवायची आणि ती वाढवली की उरलेल्या दोन कमी करायच्या. घरातल्या शांततेत दोन मिनिटं बसणारा कुत्रा जिन्यात आणलात, तर तिथे पाच सेकंदांपासून सुरुवात. वेळही शिडीसारखा चढवत नेऊ नये. पाच सेकंद, बारा, चार, वीस, आठ, असा मागेपुढे ठेवावा, म्हणजे दर खेपेला काम अवघडच होत जातं असं त्याला वाटत नाही. दहातले आठ ठिय्ये नीट झाले तर पुढे जायचं. लागोपाठ दोन फसले तर मागे यायचं, रागवायचं नाही. आणि सुरुवातीच्या दिवसांत ठिय्यातून कुत्र्याला हाक मारून बोलावू नये. आपण त्याच्यापाशी परत जावं, बक्षीस तिथेच द्यावं आणि मग ‘मोकळा’ म्हणावं. नाहीतर तुम्ही लांब गेलात की तो हाकेच्या आशेनेच अर्धा उठून बसतो.

नजरेआड जाणं हा या धड्याचा कठीण भाग. दाराच्या चौकटीआड एक पाऊल आणि लगेच परत, इथून आरंभ. ढब्बूच्या घरी स्वयंपाकघराचं दार आणि बाहेरचा जिना एवढीच जागा होती. तेवढी पुरते. पाच-पाच मिनिटांचे दिवसातून तीन पाठ, यापेक्षा जास्त नको. दहा आठवड्यांनी मुलगी एक मजला खाली जाऊन, दहापर्यंत आकडे मोजून परत यायची आणि हा जिन्याच्या वळणावर गोणपाटावर स्वस्थ असायचा. गोणपाटाचं कारण सांगतो. गुळगुळीत लादीवर मोठा कुत्रा पुन्हापुन्हा आडवा झाला की कोपर आपटतात, मागचे पाय घसरतात. मोठ्या कुत्र्यांना खुब्याच्या सांध्याचं दुखणं जडण्याचा संभव मुळातच अधिक. उड्यांचं शिक्षणही त्यांना दीड वर्षाआधी देऊ नये, कारण हाडांची वाढ तोवर चालू असते.

‘सपाट’ हा माझ्या मते सगळ्यात मोलाचा धडा. कुत्रा तुमच्याकडे धावत येतोय, मध्ये रस्ता आहे आणि वळणावरून टेम्पो येतोय, अशा वेळी ‘ये’ म्हणणं घातक आणि ‘जा’ म्हणणं निरुपयोगी. तो आहे तिथे जमिनीला टेकला पाहिजे. यासाठी बसून मग आडवं होण्याची सवय मोडावी लागते. खाऊ मुठीत धरून पुढच्या दोन पायांच्या मधून मागे, छातीखाली सरकवायचा. कुत्रा घडी घातल्यासारखा एकदम मागे दुमडून खाली येतो. उभ्याने सपाट जमलं की चालता चालता, मग आपण थोडं पुढे असताना, आणि सगळ्यात शेवटी तो समोरून येत असताना. इथे एक खोच आहे. येणाऱ्या कुत्र्याला प्रत्येक वेळी वाटेत आडवं केलंत, तर दोन दिवसांत तो हळू येऊ लागतो. मध्ये थांबावंच लागणार, मग धावा कशाला, असा त्याचा हिशेब. म्हणून पाच वेळा बोलावलं तर चार वेळा त्याला सरळ येऊ द्यावं. पाचव्या वेळी ‘सपाट’. आणि आडवा झाला की बक्षीस आपल्या हातातून न देता त्याच्या मागच्या बाजूला फेकावं, म्हणजे पुढच्या वेळी तो आपल्याकडे सरपटत यायचा मोह धरत नाही. हा सराव मोकळ्या मैदानात, पंधरा-वीस फुटी सुती दोर बांधूनच करायचा आणि दोर गळ्यातल्या पट्ट्याला न बांधता छातीच्या हार्नेसला बांधायचा. धावत्या अडतीस किलोंचा हिसका मानेला बसू नये. सगळं शिकून झाल्यावरही रस्त्यावर पट्टा हातात हवाच. ‘सपाट’ आहे तो पट्टा सुटेल किंवा तुटेल त्या दिवसासाठी.

हे ऐकून काही लोक म्हणतात, एवढा खटाटोप कशाला? गळ्यात काट्यांची साखळी घाला, दोन हिसके द्या, मालक कोण ते कळेल. कळपात एक म्होरक्या असतो आणि तो दमदाटीने राज्य करतो, या कल्पनेचा उगम बंदिस्त जागेत कोंडलेल्या अनोळखी लांडग्यांच्या निरीक्षणात आहे. लांडग्यांचे अभ्यासक डेव्हिड मेक यांच्या १९७०च्या पुस्तकाने ती कल्पना जगभर गेली आणि १९९९मध्ये त्यांनीच लिहिलं की रानातला कळप म्हणजे आई, बाप आणि त्यांची पोरं, असं कुटुंब असतं. पण माझा आक्षेप त्याहून व्यवहारी आहे. हिसक्याने चालणारा मोठा कुत्रा हिसका देऊ शकणाऱ्या माणसाचंच ऐकतो. ढब्बूचा मालक पाळीच्या नोकरीत. दिवसभर घरी असतात ते सत्तरीचे आजोबा आणि शाळेतून आलेली बारा वर्षांची मुलगी. या दोघांच्या मनगटात अडतीस किलो आवरायची ताकद कुठून येणार? त्यांच्याकडे आवाज आहे आणि ‘टक्’ आहे, तेवढ्यावर काम भागलं पाहिजे. म्हणून प्रत्येक धडा मी आधी मुलीकडून करून घेतो, मग आजोबांकडून आणि सर्वांत शेवटी मालकाकडून.

परक्याच्या हाताखाली उभं राहण्याचा धडा थोडक्यात सांगतो. कान उघडून पाहणं, पंजा धरणं, शेपटीखाली हात लावणं, हे घरच्यांनी रोज एक-दोन सेकंद करावं आणि प्रत्येक स्पर्शानंतर खाऊ द्यावा. मग शेजाऱ्यांनी, मग अनोळखी माणसाने. जनावरांच्या डॉक्टरांना याचा किती आनंद होतो, ते परळच्या बैलघोड्याच्या दवाखान्यात मोठा कुत्रा घेऊन रांगेत बसलेल्या कुणालाही विचारा.

गडबडीची सवय लावताना आपल्या शहराचं पंचांग लक्षात ठेवावं लागतं. मे महिन्यात डांबरावर हाताची पालथी बाजू सात सेकंद टेकवून पाहावी. आपल्याला सोसत नसेल तर त्यालाही सोसत नाही. तेव्हा पाठ सकाळी सहाला किंवा रात्री. पावसाळ्यात जिना आणि पार्किंग. ढोल-ताशांच्या आवाजाची ओळख लांबून, खिडकी बंद असताना, हलके हलके करून द्यावी. विसर्जनाच्या मिरवणुकीत मात्र कितीही शिकलेला कुत्रा नेऊ नये. तिथे माणसंही ऐकत नाहीत.

पाचव्या महिन्यातली एक संध्याकाळ. मुलगी ढब्बूला खाली नेत होती, त्याच वेळी दुसऱ्या मजल्यावरच्या आजी भाजीची पिशवी घेऊन जिना चढत होत्या. मुलीने वळणावर ‘ठिय्या’ म्हटलं, पट्टा आखूड धरला. आजी भिंतीला पाठ लावून एकेक पायरी वर येत होत्या आणि त्यांच्या पिशवीचा बंद तुटला. टोमॅटो पायऱ्यांवरून टप्पे खात निघाले, एक तर थेट त्याच्या नाकाला लागून गेला. ढब्बूचे कान ताठ झाले, डोळे टोमॅटोमागे चार पायऱ्या खाली गेले, अंग मात्र गोणपाटावरून हललं नाही. मी खालच्या मजल्यावरून बघत होतो. आजींनी त्याच्याकडे बराच वेळ पाहिलं आणि मला म्हणाल्या, “अहो मास्तर, आमच्या नातवाचीही शिकवणी घ्याल का?” त्या अजून त्याला हात लावत नाहीत. पण सकाळच्या खाली उतरू लागल्या आहेत. कमिटीच्या बैठकीत त्यानंतर हा विषय निघालेला नाही.

सध्या पावसामुळे मैदान बंद आहे, म्हणून ढब्बूचं वासाचं काम घरात चालू आहे. कपड्यांचे दहा लाकडी चिमटे घ्यायचे. नऊ सांडशीने उचलून जमिनीवर मांडायचे, दहावा एकाने हातात मिनिटभर चोळून त्यांत मिसळायचा, आणि कुत्र्याने नेमका तोच आणायचा. मुलीचा चिमटा तो न चुकता आणतो. आजोबांच्या वेळी मात्र गोंधळतो, कारण कपडे वाळत घालायचं काम घरात आजोबांकडेच आहे आणि डब्यातल्या प्रत्येक चिमट्याला त्यांचा हात लागलेला असतो. नवे चिमटे आणायला सांगितले आहेत.